नऊ कागदांवरचा अंगठा

दगडूभाऊ निचिते माणसाला तोंडावरून कमी आणि अंगठ्यावरून जास्त ओळखत. शहापूरच्या मामलेदार कचेरीच्या पडवीत, डावीकडून तिसऱ्या खांबाशी त्यांची बैठक होती. एक सतरंजी, एक उतरतं लाकडी मेज, दोन टाक, एक दौत, अंगठ्याची शाईगादी आणि अंगठा पुसायला निळी पडलेली चिंधी. परवान्याचे अर्जनवीस. दर दोन आणे. अक्षर असं की, नव्याने बदलून आलेले कारकून अर्जातला मजकूर बाजूला ठेवून आधी अक्षर बघत बसत.

"हा डोळखांबकडला," ते कागदावरचा ठसा बघून म्हणत. "नाचणीचं रोप उपटून उपटून रेघा झिजल्यात."

खरं की खोटं ते मला कधी कळलं नाही. पण त्यांना खोटं ठरवलेलंही मी पाहिलं नाही.

मी तेव्हा शहापूरच्या मुलींच्या शाळेत शिकवत होते आणि त्यांच्या शेजारच्या खोलीत भाड्याने राहत होते. मधे कुडाची भिंत. पलीकडे ते जेवताना अर्जांची वाक्यं पुटपुटत, ती मला इकडे ऐकू येत. त्यांच्या घरी दोन बस्ते होते. पांढऱ्या फडक्यात लोकांचे कागद, लाल फडक्यात स्वतःचे. लाल बस्त्यात त्यांच्यावर झालेले अपमान होते. एका चिठ्ठीवर एक अपमान: कोणी केला, कुठे, कोणता शब्द वापरला, साक्षीला कोण होतं. फेड झाली की चिठ्ठीवर आडवी रेघ. मलाही सगळं टिपून ठेवायची सवय आहे, पण मी वाणसामान आणि शाळेची कामं टिपते. त्यांचा बस्ता पहिल्यांदा पाहिला तेव्हा मला हसू आलं. दुसऱ्यांदा आलं नाही.

कचेरीसमोरच्या चहावाल्याने एकदा भर बाजारात त्यांना "ओ दोन आणे!" अशी हाक मारली. दगडूभाऊंनी सहा वर्षं त्याच्या दुकानात पाऊल टाकलं नाही. घरून तांब्यातून चहा आणायचे आणि त्याच्या दुकानासमोर उभं राहून, त्याच्याकडे बघत, तो गार झालेला चहा प्यायचे. सातव्या वर्षी त्याच्या दुकानाच्या जागेवर कोणी हरकत घेतली. तालुक्यातले लोक त्याला म्हणाले, जागा वाचवायची तर दगडूभाऊंकडून अर्ज लिहून घे. तो आला. दगडूभाऊंनी अर्ज लिहिला, आणि असा लिहिला की दुकान वाचलं. किती द्यायचे, असं त्याने विचारलं तेव्हा टाक पुसत म्हणाले, "तुला दर ठावा हाय. सगळ्या बाजाराला तूच सांगितलास."

घरी येऊन त्यांनी चिठ्ठीवर रेघ ओढली. हा त्यांचा सूड. खोटं लिहायचं नाही, शिवी द्यायची नाही, हात उगारायचा नाही. काम चोख करायचं आणि त्या चोखपणाने माणसाला जागच्या जागी बसवायचं.

हे आधी सांगितलं, कारण मनोहरराव एजंटला हे माहीत नव्हतं.

मनोहरराव आला तो भाताची कापणी उरकल्यावर. करड्या रंगाचा कोट, हातात चामडी पिशवी, पिशवीत हिरड्याच्या काळ्या अर्काची बाटली. 'गिरिवन हिरडा कंपनी' निघते आहे, असं तो सांगे. हिरड्याच्या अर्काने चामडं कमावतात, त्याला मुंबईत मोठी मागणी, कारखाना डोंगरापलीकडच्या संस्थानात उभा राहणार. शेअर घ्या, दरसाल नफ्याचा वाटा घरी येईल. आमच्या लोकांना त्यातला शेअर कळत नव्हता, पण हिरडा कळत होता. डोळखांबच्या रानात तो वेचता वेचताच त्यांचे हात काळे होत. जी वस्तू आपण टोपलीने देतो, तिचा कारखाना निघतो, यात फसवणूक ती काय असणार?

तो वाचणाऱ्यांच्या घरी जात नसे. माझ्या दारावरून दोनदा गेला, नमस्कार केला, थांबला नाही. तो गेला सापगावच्या बायजाबाईकडे, जिचा नवरा रेल्वेच्या गँगमध्ये काम करताना वारला होता आणि रेल्वेने दिलेली रक्कम तिने अजून मोडली नव्हती. शेणव्याच्या पांडू सुताराकडे. मुरबाडच्या पेन्शनर हवालदाराकडे. डोळखांबच्या पाड्यावर लहानूकडे; त्याने आणि त्याच्या दोन भावांनी वीटभट्टीवरची मजुरी एकत्र करून एक शेअर घेतला. अशी नऊ घरं.

घरी जाऊन बोलणं करायचं, पैसे घ्यायचे आणि म्हणायचं, "आता रीतसर अर्ज पायजे. तो मात्र शहापूरला दगडूभाऊंकडूनच लिहून घ्या. त्यांच्यासारखं अक्षर जिल्ह्यात नाही." लोक बाजारच्या दिवशी येत, दगडूभाऊ अर्ज लिहीत. मला आठवतं, त्या आठवड्यात ते खुशीत होते. कुडापलीकडून मला म्हणालेही, "बाई, कंपनीवाल्यांनासुदिक आपलं अक्षर पसंत हाय."

महिनाभराने मनोहरराव शेअरचे कागद घेऊन पुन्हा घरोघर फिरला. जाड कागद, वर दोन सिंह आणि मधे तलवार. प्रत्येक घरी त्याने कागद देव्हाऱ्यापुढे ठेवायला लावला, बोटाने तेलाचा थेंब घेतला, घरातलं कुंकू मागितलं, अंगठा बुडवून कागदाच्या माथ्यावर टेकवला आणि म्हणाला, "लक्ष्मी आली."

लोकांची चूक काय झाली, ते मी नंतर नीट समजून घेतलं. त्यांनी एजंटावर विश्वास ठेवलाच नव्हता. ठेवला तो दोन गोष्टींवर. सिंह-तलवारीचा छाप म्हणजे सरकारी कागद. आणि कचेरीच्या पडवीत, दगडूभाऊंच्या हातून लिहिलेलं म्हणजे कचेरीने बघितलेलं. मधे सरकार कुठेच नव्हतं. सरकारच्या पडवीची सावली तेवढी होती. नऊही घरांनी तो कागद जमिनीच्या उताऱ्याबरोबर पत्र्याच्या पेटीत ठेवला.

वर्ष गेलं. वाटा आला नाही. हवालदाराने कंपनीला लिहिलेलं पत्र 'मालक सापडत नाही' असा शेरा घेऊन परत आलं. मग एका मंगळवारी बायजाबाई कचेरीत आली. मी शाळेच्या दुरुस्तीचा अर्ज द्यायला तिथे उभी होते. ती खाली बसली नाही.

"दगडूभाव, ह्यो कागद कुनाचा?"

"कंपनीचा."

"आन् अर्ज कुनी लिवला?"

"मी लिवला, बायजे."

"मंग मी कंपनीला वळखत नाय. त्या कोटवाल्यालाबी वळखत नाय. मी तुमच्या अक्षरावर दिलं." एवढं बोलून ती वळली. जाता जाता म्हणाली, "मानूस गेल्यावर जे आलं होतं, ते दिलं."

दगडूभाऊंच्या हातातला टाक कागदावर तसाच टेकलेला राहिला आणि शाईचा डाग पसरत गेला. त्यांच्या हातून कागद खराब झालेला मी पहिल्यांदा पाहिला.

त्या संध्याकाळी लाल बस्त्यात दोन चिठ्ठ्या गेल्या. एकीवर मनोहररावाचं नाव होतं. दुसरीवर त्यांचं स्वतःचं.

त्यानंतरची पहिली गोष्ट म्हणजे त्यांची कामाची रीत बदलली. पूर्वी ते अर्ज लिहीत, अंगठा घेत आणि मोकळे होत. आता अंगठा घेण्याआधी अर्ज मोठ्याने वाचून दाखवू लागले, तोही तीनदा. पहिल्यांदा लिहिलंय तसा. दुसऱ्यांदा घरच्या बोलीत. तिसऱ्यांदा वाचून झाल्यावर विचारत, "आता तू सांग, तू काय लिवून दिलंस?" समोरच्याला सांगता आलं तरच शाईगादी उघडायची. लोक कंटाळत. रांग वाढे. गिऱ्हाईक घटलं. त्यांनी रीत सोडली नाही.

दुसरी गोष्ट, ते चालत संस्थानात गेले. डोंगर ओलांडून दोन दिवसांचा रस्ता. कागदावर छापलेल्या पत्त्यावर पिठाच्या गिरणीच्या माळ्यावर एक खोली होती. खोलीला कुलूप आणि कुलपाच्या कडीला बांधलेली शेळी.

"कंपनीची कचेरी बघितली," परत आल्यावर मला म्हणाले. "मॅनेजर पाला खात व्हता."

मग आसनगावहून गाडी धरून ते मुंबईला गेले, जिथे कंपन्यांची सरकारी नोंद होते त्या कचेरीत. तिथल्या एका म्हाताऱ्या कारकुनाने त्यांना बसवून सगळं समजावलं. आपल्या इंग्रजी मुलखात नोंदलेली कंपनी असेल तर तिला लोकांकडे पैसे मागण्यापूर्वी माहितीपत्रक दाखल करावं लागतं: चालवणारे कोण, पैसा कशाला हवा, कुणाला किती दलाली. दरसाल ताळेबंद द्यावा लागतो. कोणीही फी भरून ते कागद वाचू शकतो. म्हणून तर असले लोक हद्दीपलीकडे जाऊन नोंद करतात आणि विकायला अलीकडे येतात. त्यांच्यासाठी, मनोहरराव आमच्याकडे येण्याच्या थोडं आधीच, कायद्यात नियम घातला होता. परमुलखात नोंदलेल्या कंपनीचे शेअर घरोघर फिरून विकायचे नाहीत. विकले तर गुन्हा.

दगडूभाऊंनी तो नियम स्वतःच्या हाताने उतरवून आणला. घडी घालून छातीच्या खिशात ठेवला. पुढे कित्येक महिने तो तिथेच होता.

"कारखाना नाय काढला हा गुन्हा शाबीत कराया धा वरसं जातील," ते म्हणाले. "तो म्हनेल, काढणार व्हतो, डबघाईला आलो. पन घरात शिरला, ह्याला काय म्हनेल?"

काय म्हणेल ते लवकरच कळलं. दगडूभाऊंनी नऊ जणांच्या वतीने फिर्याद लिहिली. समन्स पोचलं तसा मनोहररावाने कल्याणचा वकील दिला. वकिलाचं लेखी म्हणणं आलं: माझा अशील कोणाच्याही घरी गेलेला नाही. तो शहापूरच्या धर्मशाळेत उतरला होता, लोक आपणहून आले. पुरावा? नऊही अर्ज एकाच जागी, शहापूरच्या कचेरीत, एकाच अर्जनवीसाच्या हस्ताक्षरात लिहिलेले आहेत. शेअरचे कागद पोस्टाने गेले.

म्हणजे लोकांविरुद्ध उभा केलेला एकुलता एक साक्षीदार दगडूभाऊंचं अक्षर होतं. ते म्हणणं त्यांनी माझ्या ओट्यावर बसून वाचलं. मग बराच वेळ स्वतःच्या उजव्या हाताकडे, दुसऱ्याच कोणाचा असावा तसे, बघत राहिले.

मी म्हटलं, आधी सगळे कागद एकत्र करून नीट यादी तरी करू. नऊ कागद आणवले. रविवारी शाळेच्या तरटावर मांडले आणि रकाने पाडले: नाव, गाव, कागदाचा क्रमांक, खुणा. शेवटच्या रकान्यात जे दिसेल ते लिहीत गेले. हवालदार, माथ्यावर ठसा, लाल. पांडू सुतार, ठसा, विटकरी. बायजाबाई, ठसा, पिवळा. लहानू, ठसा, शेंदरी. पुढे काळा. पुढे पुन्हा लाल, पण पहिल्यापेक्षा गडद.

दगडूभाऊ मागून वाचत होते. "बाई, ह्यो रंग कशाला लिवलात?"

"खुणा म्हणून. तुम्हीच म्हणालात ना, काही सोडायचं नाही."

ते खाली वाकले. मग गुडघ्यावर बसले. मग जवळजवळ तरटावर पालथेच झाले. नऊही ठसे त्यांनी एकेक करून भिंगातून बघितले. उठले तेव्हा त्यांचा चेहरा मला आवडला नाही. फार शांत होता.

"अंगठा एकच. मधून तिरपी कापल्याची खूण हाय, नवांवरबी. आन् रंग येगळे." ते म्हणाले. "धर्मशाळेत बसून केलं असतं तर कुंकू एकच असतं."

दुसऱ्या दिवसापासून ते नऊ घरी गेले. सापगावला मी बरोबर होते. बायजाबाईने आम्हाला आत बोलावलं नाही; दारातच बोलली.

"कुंकू मागितलंन त्यानं. मी म्हनलं, ह्या घरात आता कुंकू कुठचं? तर हासला. म्हनला, हळद चालंल. आन् माज्या हळदीत बोट घातलंन."

शेणव्याला पांडू सुताराची बायको त्या दिवशी माहेरी गेलेली. कुंकवाचा करंडा सापडेना, म्हणून त्याने लाकडावर रेघ मारायच्या सुताच्या दोरीचा गेरू पुढे केला होता. लहानूच्या झोपडीत देव्हारा नव्हता. वाघोबाचा दगड पाड्याच्या कडेला. त्याचाच शेंदूर खरवडून आणला होता. ज्या घरचा ठसा काळा, तिथे चुलीवरच्या तव्याची काजळी. ज्या त्या घरातला रंग त्या त्या घरात अजून जागेवर होता. दगडूभाऊंनी चिमूटचिमूट पुड्या बांधल्या, वर नावं घातली.

ही बातमी मनोहररावापर्यंत गेली असावी. कारण पुढल्या बाजारी तो स्वतः तिसऱ्या खांबाशी आला.

"दगडूभाऊ, आपण शहाणी माणसं. लोकांचे पैसे मी देऊन टाकतो. प्रकरण मिटवा."

"कुठं देनार?"

"इथंच. तुमच्या हातात."

"माज्या हातात घेतलेस का?" दगडूभाऊ कागदावरून मान वर न करता म्हणाले. "जिथं घेतलेस तिथं दे. घरोघर जा. बरोबर पोलीस पाटील ने. ज्या पाटावर बसलास त्या पाटावर ठेव."

"मग फिर्याद मागे?"

"आधी चालाया तर लाग."

तो चालला. सापगाव, शेणवा, मुरबाड, डोळखांब. पाड्यावर जायला गाडीरस्ता नव्हता. कोट काढून खांद्यावर टाकलेला, पुढे हा, मागे पाटील, आणि प्रत्येक गावात लोक दारात उभे. बायजाबाईने पाट मांडून ठेवला होता. पैसे ठेवून तो निघाला तेव्हा म्हणाली, "थांब रे." आत जाऊन हळदीचा डबा घेऊन आली आणि सगळी हळद त्याच्या पायाशी उकिरड्यावर ओतली. "तुजं बोट लागलंय हिला."

मला त्याची दया यायला हवी होती. आली नाही. मी दारात उभी राहून शेवटपर्यंत बघितलं.

नववं घर झालं तसा तो कचेरीत परत आला. धुळीने पांढरा झालेला. "झालं. आता फिर्याद मागे घ्या."

"मी कवा म्हनलो?"

"तुम्ही शब्द दिला होता!"

"शबूद?" दगडूभाऊंनी पहिल्यांदा मान वर केली. "अरे, मी अर्जनवीस. मी शबूद देत नाय, लिवून देतो. दाखव, कुठं लिवलंय."

मनोहररावाचा हात पिशवीकडे गेला आणि तसाच परत आला. त्याने नऊ घरांशी हेच तर केलं होतं. तोंडाने बोलला होता आणि कागदावर त्यातलं काहीच नव्हतं. मी त्या रात्री विचार केला, हे बरोबर झालं का. दगडूभाऊंना विचारलंही. ते म्हणाले, "नाय. बरोबर नाय झालं." आणि भात कालवत राहिले.

खटला चालला. वकिलाने पुन्हा एक हस्ताक्षर, एक जागा, तेच म्हटलं. दगडूभाऊंनी नऊ कागद आणि नऊ पुड्या मेजावर मांडल्या. मामलेदारसाहेबांनी आरोपीला उजवा अंगठा दाखवायला सांगितला. पाटलाने सांगितलं की पैसे फेडताना हा प्रत्येक घराची वाट न विचारता गेला. वकिलाने मग आपले कागद आवरले.

दंड झाला. पण किरकोळ, कायद्यात होता तेवढाच. लोक खूश होऊन घरी गेले. दगडूभाऊ मात्र निकालाची नक्कल मिळेपर्यंत कचेरीत बसून राहिले. त्या नकलेच्या त्यांनी हाताने प्रती काढल्या. मी जिल्ह्यातल्या आणि आजूबाजूच्या तालुक्यांची यादी करून दिली. प्रत्येक कचेरीतल्या अर्जनवीसाला एक प्रत गेली, खाली अंगठ्याच्या खुणेचं वर्णन. सगळ्यात सुंदर अक्षरात. त्यानंतर हिरडा म्हणा, सागवान म्हणा, मनोहररावाला या मुलखात काहीही विकता आलं नाही.

बायजाबाईचे पैसे परत आले, पण ती दगडूभाऊंकडे परत आली नाही. काही लिहून घ्यायचं असलं की ती शहापूरची कचेरी ओलांडून पार मुरबाडला जाई. पायी. तिसऱ्या खांबावरून जाताना पदर सावरे, थांबत नसे. दगडूभाऊ तेवढ्यापुरता टाक दौतीत बुडवून ठेवत.

मग दुसरी मोठी लढाई आली. लोकांच्या हातात पैसा खेळू लागला, कागद छापणारे पुन्हा फिरू लागले. सरकारने नियम केला की आपल्या परवानगीशिवाय कोणत्याही कंपनीने नवे शेअर काढायचे नाहीत, आणि परवानगी मिळाली तर ती पत्रकावर छापायची. एकदा मुरबाडचे हवालदार असलं एक पत्रक नाचवत आले. "दगडूभाऊ, आता काय म्हणाल? सरकारची परवानगी! छापलीये!"

"पुढली वळ वाचा."

"पुढली बारीक आहे."

"म्हनूनच वाचा."

हवालदारांनी चष्मा चढवला. पुढच्या ओळीत असं होतं की परवानगी दिली म्हणजे धंद्याच्या भरवशाची जबाबदारी सरकारने घेतली असं समजू नये.

"सरकारनं दार उघडलं, हवालदार. आत काय हाय ते बघाया दिवा तुमीच न्यायचा." दगडूभाऊंनी ती ओळ लाल शाईने अधोरेखित केली आणि पत्रक परत दिलं. असली पत्रकं ते फुकट वाचून देत. सरकारबद्दल त्यांना प्रेम नव्हतं. पण नियम त्यांना हत्यारासारखा आवडे. घासूनपुसून ठेवलेला, हाताशी.

त्यांना मी शेवटचं पाहिलं ते माझी बदली झाली त्या आठवड्यात. निरोप घ्यायला बाजारच्या दिवशी कचेरीत गेले होते. त्या सुमारास एक लहानशी बँक बुडाली होती आणि ठेवीदारांनी आपली मागणी कोर्टाने नेमलेल्या अधिकाऱ्याकडे मुदतीत लेखी द्यायची होती. दगडूभाऊंचे अर्ज परत येत नाहीत अशी ख्याती झालेली, म्हणून कुठून कुठून लोक आले होते. रांग पायऱ्यांपर्यंत. रांगेच्या शेवटी करडा कोट. कोपरांवर ठिगळं.

दगडूभाऊंनी त्याला पाहिलं. रांग मोडली नाही, वाढवलीही नाही. त्याचा नंबर दुपारी आला.

"नाव?"

"तुम्हाला माहीत आहे."

"नाव?"

मनोहररावाने नाव सांगितलं.

"ठेव कुणी ठेवाया सांगितली? घरी आला व्हता? काय म्हनला? कागद दिलान का? वाचलास का?" नऊ घरांत विचारलेले तेच प्रश्न, त्याच क्रमाने. मनोहरराव उत्तरं देत होता. एजंट घरी आला होता. गोड बोलला. कागद वाचला नव्हता.

एक पावती क्रमांक चुकवला असता तर त्याची मागणी बाद झाली असती. मी उभी राहून बघत होते, आणि खरं सांगायचं तर मला वाटत होतं, चुकवावा. दगडूभाऊंनी क्रमांक दोनदा पडताळून लिहिला. ओळ ओळीखाली, काना मात्रा जागच्या जागी. मग त्यांनी अर्ज उचलला आणि रीतीप्रमाणे वाचायला लागले. मोठ्याने. पडवीतून बाजारापर्यंत ऐकू जाईल असा. मी अमुक अमुक, अनोळखी माणसाच्या बोलण्याला भुलून, कागद न वाचता, आयुष्याची पुंजी देऊन बसलो. एकदा. मग बोलीत, दुसऱ्यांदा. तिसऱ्यांदा वाचेपर्यंत समोरचा चहावालाही किटली हातात धरून उभा होता.

"आता तू सांग, तू काय लिवून दिलंस?"

मनोहररावाने सांगितलं. खाली बघून, पण सगळं सांगितलं.

"अंगठा."

"मला सही येते."

"येत आसंल. अंगठा."

त्याने हात पुढे केला. दगडूभाऊंनी तो अंगठा धरून शाईवर टेकवला, मग कागदावर. तिरपी खूण नीट उमटलीय ना ते वाकून बघितलं आणि पुसायला चिंधी दिली. "दोन आणे."

तो गेल्यावर त्यांनी छातीच्या खिशातून लाल बस्त्यातली एक जुनी चिठ्ठी काढली, आडवी रेघ ओढली आणि पुन्हा ठेवली. तिच्या मागे त्यांच्या स्वतःच्या नावाची दुसरी होती. तिला त्यांनी हात लावला नाही.

मी नमस्कार करायला पुढे होणार, तेवढ्यात कोणी तरी मला ओलांडून सतरंजीवर बसलं. बायजाबाई. पायऱ्यांवर ती कधीपासून उभी होती कोण जाणे. मुरबाडच्या वाटेला लागलेली असावी. डोक्यावरचं बोचकं अजून तसंच होतं.

"रेशनच्या कार्डावर सुनेचं नाव घालायचंय," ती म्हणाली. "लिवा."

दगडूभाऊंनी कोरा कागद घेतला. टाक दौतीत बुडवला, झटकला. चार ओळींचा अर्ज, पण लिहायला त्यांना वेळ लागला. लिहून झाला तसा तिने अंगठा पुढे केला.

"थांब, वाचून दावतो."

"माजा नका वाचू. ऱ्हाऊ दे."

त्यांनी शाईगादीचं झाकण लावून टाकलं.

"नाय गो बायजे. ऐकाया लागंल."

आणि त्यांनी तिला तो तीनदा वाचून दाखवला.